धुक्यातले दिवे कोणी निवडायचे?

(गाडी चालवणाऱ्या आणि नव्याने शिकणाऱ्या मैत्रिणींसाठी आजऱ्यात घेतलेल्या एक दिवसाच्या शिबिरातील हे भाषण. बोलण्याचा ओघ शक्यतो तसाच ठेवला आहे.)



सकाळपासून आपण बरंच काही केलं. टायर बदलला, ऑइलची पट्टी कशी बघायची ते शिकलो, बॅटरीच्या टर्मिनलवरची पांढरी बुरशी गरम पाण्यानं धुतली. आता जेवणानंतरचा, पापण्या जड होण्याच्या वेळेचा विषय माझ्याकडे आला आहे, फॉग लॅम्पचे बल्ब. संयोजक मैत्रिणीनं मला विचारलं तेव्हा मी म्हटलं, "अगं, एवढ्याशा बल्बवर तासभर काय बोलू?" ती म्हणाली, "त्या बल्बनं तुझ्या हातून काय घडवलं ते सांग. तेवढं पुरे." तेव्हा तेच आधी सांगते. ते सांगायला मला फारसं आवडत नाही, हेही सांगून ठेवते.

२०२२ सालच्या मे महिन्यात माझ्या गाडीचा डावीकडचा फॉग लॅम्प गेला. गाडी छोटी, सेकंडहँड. सल्ला केंद्राच्या कामासाठी मला आठवड्यातून एकदा तरी आंबोली घाट उतरून सावंतवाडीला जावं लागतं. पावसाळ्यातलं आंबोलीचं धुकं कसं असतं, ते इथल्या बायकांना सांगायला नको. देशावर थंडीच्या दिवसांत धुकं पहाटे पडतं आणि उन्हं वर आली की विरतं. आपल्याकडचं पावसाळी धुकं तसं नाही. समुद्रावरून येणारा ओला वारा सह्याद्रीला अडून वर चढतो, वर गार होतो, आणि त्याचा झालेला ढग डोंगरालाच टेकतो. म्हणजे घाटात आपण सरळ ढगातूनच गाडी हाकत असतो. मग दुपारचे दोन वाजलेले असोत की रात्रीचे आठ.

तर पावसाच्या आधी दिवा दुरुस्त करायला मी एका दुकानात गेले. दुकानाचं नाव घेत नाही, कारण दोष एकट्या दुकानाचा नव्हता. तो म्हणाला, "मॅडम, हे जुने पिवळट बल्ब आता कोण वापरतं? दोन्हीकडं एलईडी टाकतो. पांढराशुभ्र उजेड पडेल. साहेबांना विचारायचं असलं तर विचारून घ्या." साहेब नाहीतच, तेव्हा विचारण्याचा प्रश्न नव्हता. पण त्याच्या त्या बोलण्याचा मला राग आला आणि रागाच्या भरात मी अगदी उलटं वागले. मी म्हटलं, "विचारायचं काय त्यात? तुम्हाला चांगलं वाटेल ते टाका." दीड हजार रुपये दिले. तो गाडीखाली शिरला आणि मी बाहेर प्लास्टिकच्या स्टुलावर बसून पोटगीच्या एका खटल्याचे कागद वाचत राहिले. न वाचता कशावरही सही करू नका, असं मी गेली कितीतरी वर्षं बायकांना सांगत आले आहे. आणि माझ्याच गाडीत काय घातलं जातंय, ते पाहायला मी मान वर केली नाही.

जुलैमध्ये एका संध्याकाळी मी सावंतवाडीहून परत निघाले होते. घाट चढताना धुकं दाटलं. मी फॉग लॅम्प लावले. समोर असा पांढरा पडदा उजळला की मला वाटलं, पैसे वसूल झाले! एका वळणावर वरून मोटरसायकल येत होती. नवरा-बायको दोघं होती. माझ्या उजेडात सापडल्याबरोबर त्यानं ब्रेक दाबला, गाडी कडेच्या शेवाळावरून घसरली आणि दोघं गटारात गेली. माझा वेग कमी होता, मी थांबले. त्याला खरचटण्यापलीकडे फार काही झालं नव्हतं. ती मागे एका अंगानं बसलेली, उजव्या हातावर पडली. मनगट मोडलं.

गाडी वळवून मी दोघांना खाली सावंतवाडीला दवाखान्यात नेलं. वाटेत ती कण्हत होती, पण बोलताना आवाज शांत होता. म्हणाली, "बाई, तुमच्या गाडीचं दिवं लई डोळ्यात गेलं बघा. फुडचं कायबी दिसंना." त्यात आरोप नव्हता, पाऊस पडला म्हणावं तसं ती म्हणाली. नंतर कळलं, ती काजूच्या कारखान्यात बिया सोलायला जाते. सोलेल तेवढ्या किलोचे पैसे. उजवं मनगट प्लास्टरमध्ये म्हणजे दीड-दोन महिने हाताला काम नाही आणि घरात तेवढा पैसा नाही. प्लास्टरचा खर्च मी दिला. तिच्या बुडालेल्या मजुरीचेही काही पैसे दिले. पण त्यानं हिशेब मिटला, असं मला आजही वाटत नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी माझ्या गाडीच्या पुढे उभी राहिले आणि पहिल्यांदा ते दिवे नीट पाहिले. त्यानंतर जे शिकले ते आता तुमच्यापुढे ठेवते.

पहिली गोष्ट ही की धुक्यात जास्त उजेड म्हणजे जास्त दिसणं नव्हे. धुकं म्हणजे पाण्याचे अतिशय बारीक थेंब, साधारण मिलिमीटरच्या शंभराव्या भागाएवढे. प्रत्येक थेंब उजेड चहूकडे उधळतो. आपण अप्पर लावला की उजेड सरळ आणि वर जातो, लाखो थेंबांवर आपटतो आणि त्यातला बराचसा आपल्याच डोळ्यांत परत येतो. म्हणून अप्पर लावला की पांढरी भिंत दिसते आणि रस्ता नाहीसा होतो. फॉग लॅम्प बंपरमध्ये इतका खाली बसवलेला असतो तो याच कारणासाठी. त्याचा उजेड रुंद आणि चपटा पडतो, आणि वरच्या बाजूला सुरीनं कापल्यासारखी त्याची कड असते. त्या कडेच्या वर उजेड जवळजवळ जाऊच द्यायचा नाही. तो जमिनीलगत पसरतो, रस्त्याची पांढरी पट्टी, साइडपट्टी, कठड्याचा पाया दाखवतो. आपली नजर त्या कडेच्या वरून जाते, त्यामुळे उजळलेलं धुकं आपल्या नजरेच्या वाटेत कमी येतं.

ही कड बनते कशी, तर दिव्यातल्या आरशानं. लहानपणी आपण आरशाचा कवडसा पाडायचो ते आठवा. हात किंचित हलला की भिंतीवरचा कवडसा छताला जायचा. फॉग लॅम्पमधला वाकडा आरसा बल्बची तार नेमकी कुठे असेल हे धरून बनवलेला असतो. हॅलोजन बल्बची तार म्हणजे एक बारीकशी रेघ. तिच्या जागी एलईडीचा बल्ब घातला की उजेड जाड पट्टीच्या दोन बाजूंना चिकटवलेल्या चकत्यांतून येतो. तारेची जागा आणि या चकत्यांची जागा तंतोतंत जुळली नाही की कवडसा हलतो. कड पुसली जाते आणि उजेड वर सांडतो. तो धुक्यात सांडला म्हणजे मला पांढरा पडदा दिसणार, आणि समोरच्याच्या डोळ्यांत सांडला म्हणजे त्याला काहीच दिसणार नाही. त्या संध्याकाळी मी ज्याला लख्ख उजेड समजले, तो हा सांडलेला उजेड होता.

याचा अर्थ एलईडी वाईट, असा नाही. कारखान्यातूनच एलईडीसाठी घडवलेला अख्खा दिवा असेल तर तो उत्तम. त्याचा आरसा त्याच चकत्यांसाठी केलेला असतो. चूक होते ती हॅलोजनच्या आरशात दुसऱ्याच घडणीचा बल्ब कोंबण्यात.

आता बल्ब निवडायचा कसा? गाडीबरोबर आलेलं पुस्तक कपाटात पडलेलं असतं ते काढा. त्यात बल्बची यादी असते. पुस्तक नसेल तर जुना बल्ब काढून त्याच्या बुडाशी काय लिहिलंय ते वाचा, भिंग लागलं तर घ्या. तिथे तीन गोष्टी असतात. पहिली म्हणजे जात, एच३, एच८, एच११, एच१६, एचबी४ यांपैकी काहीतरी. दुसरी व्होल्ट, कारमध्ये १२. तिसरी वॉट. माझ्या जुन्या बल्बवर लिहिलं होतं, एच८, १२ व्होल्ट, ३५ वॉट. एवढंच. ही एक ओळ मला मे महिन्यात वाचता आली असती.

जातीच्या बाबतीत एक फसगत सांगते. एच८, एच११ आणि एच१६ हे तिन्ही बल्ब दिसायला भावंडांसारखे असतात. पण एच८ हा ३५ वॉटचा, एच११ हा ५५ वॉटचा आणि एच१६ हा १९ वॉटचा. एकाच्या जागी दुसरा जाऊ नये म्हणून त्यांच्या बुडाच्या खाचा मुद्दाम वेगळ्या ठेवलेल्या असतात. काही जण ती खाच कानशीनं घासून मोठा बल्ब बसवून देतात आणि वर म्हणतात, "बघा, जास्त पॉवरचा बसवला." कुणी कानस हातात घेतली की तिथंच थांबवा. ३५ वॉटचा दिवा ३५ वॉटची उष्णता सोसेल असा बनवलेला असतो. ५५ वॉटमध्ये त्याचा प्लास्टिकचा भाग वितळू शकतो, आरशाचा मुलामा काळा पडतो, आणि मग उजेड उलट कमीच होतो.

वॉटचं गणित आपल्याला येत नाही असं कुणी समजू नका. वॉटला व्होल्टनं भागलं की अँपिअर मिळतात, म्हणजे तारेतून किती वीज वाहते ते कळतं. ५५ भागिले १२ म्हणजे साधारण ४.६. दोन बल्बचे झाले ९ च्या वर थोडे. आता त्याच तारेवर १०० वॉटचे दोन बल्ब लावा. एकाचे ८.३, दोघांचे जवळजवळ १७ अँपिअर. तारेत तयार होणारी उष्णता मात्र दुप्पट होत नाही, ती वर्गाच्या हिशेबानं वाढते. म्हणजे तिपटीहून जास्त. आमच्या ओळखीतल्या एका घरच्या जीपला असे १०० वॉटचे बल्ब घातले होते. फ्यूज उडाला. बरोबरच होतं, फ्यूजचं कामच ते. तर कुणीतरी ३० अँपिअरचा फ्यूज घालून दिला. कुकरची शिट्टी सारखी होते म्हणून सेफ्टी व्हॉल्व्हच्या जागी खिळा ठोकावा, तसा हा प्रकार. काही दिवसांनी डॅशबोर्डखालून जळक्या प्लास्टिकचा वास आला. नशीब की गाडी अंगणात उभी होती. तेव्हा नियम सोपा आहे. लिहिलेत तेवढेच वॉट, आणि फ्यूज उडाला तर तेवढ्याच अँपिअरचा दुसरा. तोही उडाला तर मोठा घालायचा नाही, दोष शोधायचा.

रंगाचा प्रश्न सगळ्याजणी विचारतात. पिवळा घ्यायचा की पांढरा? पिवळा उजेड धुक्यातून आरपार जातो असं आपण ऐकत आलो. खरं तर धुक्याचे थेंब उजेडाच्या लहरींपेक्षा कितीतरी मोठे असतात, त्यामुळे पिवळा काय आणि पांढरा काय, ते सगळेच रंग जवळजवळ सारखे उधळतात. मग पिवळ्याचा उपयोग काय? पिवळ्यात निळा भाग गाळलेला असतो, आणि डोळ्यांना जास्त टोचतो तो निळसर झगझगाट. म्हणून अनेकांना पिवळ्यात कमी त्रास होतो, बाकी जादू काही नाही. फ्रान्समध्ये १९३६ पासून १९९३ पर्यंत गाड्यांच्या पुढच्या दिव्यांना पिवळाच उजेड सक्तीचा होता, आणि इतर देश पांढऱ्यावर चालत होते. तेव्हा साधा हॅलोजन, म्हणजे किंचित पिवळसर पांढरा, घेतलात तरी चालेल, पिवळा घेतलात तरी चालेल. खोक्यावर केल्विनचा आकडा असतो. हॅलोजनचा साधारण ३२०० असतो. आकडा ६००० कडे जायला लागला की उजेड निळसर होतो. धुक्यासाठी तो घेऊ नका. आणि साध्या काचेला निळा मुलामा दिलेले बल्ब तर मुळीच नकोत. मुलामा आपलाच उजेड खातो.

आता बदलण्याचं काम. ते आपण थोड्या वेळानं बाहेर प्रत्यक्ष करणारच आहोत, पण क्रम आधी ऐकून ठेवा. गाडी सपाट जागी, हँडब्रेक ओढलेला, किल्ली काढून पर्समध्ये. दिवा नुकताच लावलेला असेल तर पंधरा मिनिटं थांबा, बल्बची काच भाजण्याइतकी तापलेली असते. बांगड्या काढून ठेवा. हे सौंदर्याबद्दल किंवा रूढीबद्दल बोलत नाही, बॅटरीजवळ धातूची बांगडी दोन टोकांना टेकली तर हात भाजेल. ओढणी, पदर खोचून घ्या, गळ्यातलं आत टाका.

पुष्कळ छोट्या गाड्यांत बल्बापर्यंत चाकाच्या बाजूनं हात जातो. डावीकडचा दिवा असेल तर स्टिअरिंग पूर्ण उजवीकडे फिरवा, म्हणजे चाकाच्या पुढे जागा मोकळी होते. उजवीकडच्या दिव्यासाठी डावीकडे. मडगार्डच्या आत काळ्या प्लास्टिकचं अस्तर असतं, त्याचे पुढचे दोन-तीन स्क्रू आणि क्लिपा काढल्या की ते वाकतं आणि हात आत जातो. काही गाड्यांत बंपरच्या खालून जावं लागतं, काहींत बंपर उतरवावा लागतो. तुमच्या गाडीत काय, ते पुस्तकात मिळेल. आत जागा अरुंद असते. इथे आपले बारीक हात उपयोगी पडतात. माझ्या ओळखीचे वायरिंगचं काम करणारे एक म्हातारे काका याच कामासाठी सुनेला हाक मारतात!

आत चाचपलं की वायरचा कप्लर लागेल. त्याची जीभ दाबून तो ओढायचा. ओढताना कप्लरला धरा, वायरला नको. मग बल्ब डावीकडे, म्हणजे घड्याळाच्या उलट, साधारण पाव वळसा फिरवला की सुटतो. नवा बल्ब हातात घेताना त्याच्या काचेला बोट लावायचं नाही. बुडाला धरा किंवा स्वच्छ कापडानं धरा. आपल्या बोटांना तेलकटपणा असतो. हॅलोजनची काच प्रचंड तापते, आणि जिथे तेलाचा ठसा असेल तिथली काच जास्त तापून कमजोर होते. चुकून बोट लागलंच तर स्पिरिटच्या बोळ्यानं पुसा आणि वाळू द्या. नवा बल्ब खाचा जुळवून बसवा, उजवीकडे फिरवा, कप्लर खट्‌ आवाज येईपर्यंत लावा. अस्तर बसवण्याआधी दिवा लावून बघा. नाहीतर सगळं पुन्हा उघडायचं.

जुन्या जीपला किंवा बाहेरून बसवलेल्या फॉग लॅम्पला बहुधा एच३ बल्ब असतो. तिथे मागचं झाकण किंवा पुढची काच उघडून तारेची स्प्रिंग सोडवावी लागते. बल्बलाच एक छोटी वायर जोडलेली असते, ती उपटू नका, जोडावरून सोडवा. बल्बच्या चकतीला एक बाजू कापलेली असते, ती दिव्यातल्या खाचेत बसलीच पाहिजे. उलटा बसला तर उजेड भलतीकडे जातो.

एक बल्ब गेला की दुसराही बहुधा तेवढाच जुना असतो. दोन्ही बदला. आणि दिवा लागत नाही म्हणजे बल्बच गेला असं धरून चालू नका. दोन्ही एकदम गेले असतील तर आधी फ्यूज आणि मग रिले बघा. एकच गेला असेल तर कप्लर उघडून बघा, आपल्या पावसात तिथे हिरवा गंज चढतो. दिव्याच्या काचेत आतून पाणी दिसत असेल तर तडा शोधा. हे दिवे खाली असतात. तापलेल्या दिव्यावर ओढ्याचं गार पाणी उडालं की काच तडकते, पाणी आत शिरतं आणि नवा बल्बही टिकत नाही.

एवढं करून दिवा कसा वापरायचा हेही सांगितलं पाहिजे. धुक्यात डिपर आणि फॉग लॅम्प, अप्पर कधीच नाही. धुकं संपलं की फॉग लॅम्प बंद. काही गाड्यांना मागेही लाल फॉग लॅम्प असतो. तो मागच्याला आपण दिसावं म्हणून आहे. त्याचा बल्ब सहसा २१ वॉटचा असतो, साधा मागचा दिवा ५ वॉटचा. म्हणून स्वच्छ हवेत तो लावून ठेवला की मागच्याचे डोळे दिपतात आणि आपला ब्रेकचा दिवा त्याला वेगळा कळत नाही. चारी इंडिकेटर लावून घाट चढण्याची पद्धत पडली आहे, तीही सोडा. मग तुम्ही वळणार आहात की थांबल्या आहात, कुणाला कळायचं?

आणि वेग. ताशी ४० किलोमीटर म्हणजे सेकंदाला ११ मीटर. समोरचं वीस मीटर दिसत असेल, तर डोळ्यांनी पाहून पाय ब्रेकवर जाईपर्यंतच निम्म्याहून जास्त अंतर सरलेलं असतं. जगातला कुठलाही बल्ब हे गणित बदलू शकत नाही. बल्ब फक्त रस्त्याची कड दाखवतो. हळू जायचं काम आपलंच.

आता कुणी म्हणेल, हे सगळं करायला मेकॅनिक आहेत की, बायकांनी कशाला? यावर मला दोन बायका आठवतात. जर्मनीत १८८८ च्या ऑगस्टमध्ये बेर्था बेंझ आपल्या दोन मुलांना घेऊन, नवऱ्याला न सांगता, त्यानं बनवलेली मोटार काढून मानहाइमहून फोर्झहाइमला निघाली. शंभरावर किलोमीटरचा प्रवास. वाटेत इंधनाची नळी तुंबली, ती तिनं टोपीच्या पिनेनं मोकळी केली. तार उघडी पडली, तिच्यावर मोज्याचा पट्टा गुंडाळला. ब्रेक झिजले, तर चांभाराकडून त्यांना चामडं ठोकून घेतलं. मोटारीचा पहिला लांबचा प्रवास आणि वाटेतली पहिली दुरुस्ती एका बाईची आहे. दुसरी अमेरिकेतली मेरी अँडरसन. हिमवर्षावात ट्रामच्या चालकाला समोरचं दिसत नाही, हे तिनं पाहिलं आणि आतून दांडा फिरवून काच पुसण्याची युक्ती काढली. १९०३ साली तिला त्याचं पेटंट मिळालं. आपल्या गाडीचा वायपर त्याच वाटेनं आला. समोरचं नीट दिसावं म्हणून हातपाय हलवण्याची रीत बायकांना नवी नाही.

मी मेकॅनिकला बाद करा म्हणत नाही. मीही सगळं काम स्वतः करत नाही. करून कोण देतं हा प्रश्न दुय्यम आहे, काय घालायचं हे ठरवतं कोण, हा खरा प्रश्न. पुढच्या वेळी दुकानात गेलात तर तीन वाक्यं बोला. "एच८, ३५ वॉट, जोडी द्या." "खोकं मला दाखवा." "जुने बल्ब मला परत द्या." मी हे बोलले तेव्हा तो दुकानदार आधी हसला, मग त्यानं खोकं पुढे केलं. वाद झाला नाही. मे महिन्यातही झाला नसता. मी विचारलंच नव्हतं.

एलईडी काढून पुन्हा साधे ३५ वॉटचे बल्ब घातले. पुढच्या पावसाळ्यात ती काजूच्या कारखान्यातली मला आजऱ्याच्या स्टँडवर भेटली. कामावर पुन्हा जायला लागली होती, पण मनगट पूर्वीसारखं वळत नाही म्हणाली, दिवसाचं वजन कमी भरतं. बोलता बोलता ती माझ्या गाडीपुढे वाकली आणि दिव्यांकडे बघून म्हणाली, "बदललं न्हवं ते?" मी म्हटलं, "बदलले." तिनं मान हलवली आणि तिची एस.टी. आली.

आता उठू या. केंद्रीय मोटार वाहन नियम, १९८९ मध्ये दिव्यांच्या झगमगाटाबद्दल १०६ क्रमांकाचा नियम आहे. त्यात डोळे दिपतात की नाही हे पाहण्याची जागा नेमून दिली आहे. दिव्याच्या पुढे ८ मीटर, गाडीच्या उजव्या कडेच्या बाहेर अर्धा मीटर आणि जमिनीपासून दीड मीटर उंच. दीड मीटर म्हणजे उभ्या राहिलेल्या बाईच्या डोळ्यांची उंची, जवळजवळ तेवढीच. तेव्हा बाहेर पाच गाड्या उभ्या आहेत, मी चुन्यानं जमिनीवर खुणा करून ठेवल्या आहेत. अंधार पडायला लागलाच आहे. एकीनं गाडीत बसून दिवे लावायचे आणि एकीनं खुणेवर उभं राहायचं. मग जागा बदलायच्या. जिच्या गाडीचे दिवे डोळ्यांत जातील तिनं लाजू नये, बल्ब काढून त्याच्या बुडावर काय लिहिलंय ते मोठ्यानं वाचावं. मी पाना आणि स्पिरिटचे बोळे घेऊन येतेच.